पोरगी म्हणतेय साउंड डिझायनर व्हायचंय. हे नक्की काय असतंय?

नववी_गल्ली:
मंडळी नमस्कार. राजारामपुरीत राहतो, उद्यमनगरात छोटं वर्कशॉप हाय, तीन लेथ आणि एक मिलिंग. थोरली पोरगी बीएस्सी फिजिक्सच्या शेवटच्या वर्षाला. आम्ही धरून चाललोवतो की एमएस्सी करंल नाहीतर बँकेच्या परीक्षा देईल. परवा जेवताना म्हणाली, पप्पा मला सिनेमात साउंड डिझायनर व्हायचंय. मी म्हटलं म्हणजे गाण्याचं का, तर म्हणाली न्हाई, गाणं सोडून बाकीचं सगळं. आता गाणी आणि डायलॉग सोडले तर सिनेमात आवाज उरतो कुठला तेच मला कळंना. आमच्या मंडळी, म्हणजे पोरीची आई, म्हणत्यात रात्री-अपरात्रीचं काम, पोरीच्या जातीला कशाला. मी तसला न्हाई, पण काम काय असतं, शिकायचं कुठं, पोट भरतंय का, एवढं कोण माहितगार असंल तर सांगा. यूट्यूबवर बघितलं तर सगळी इंग्रजीत बोलत्यात आणि शेवटी कोर्स विकत्यात.

कट्ट्यावरचा:
काका सोप्पंय, यंदा आपल्या मंडळात डॉल्बी लावायला पाठवा. विसर्जनापर्यंत ट्रेनिंग कम्प्लीट हाहाहा

नववी_गल्ली:
भावा हसू नको, आमच्या आईनं पण हेच विचारलं. "डॉल्बी लावणार व्हय पोरगी?"

बूमवाला:
दादा, मी शाहूपुरीचा. सोळा वर्षं झाली मुंबईत ह्याच धंद्यात आहे, आधी लोकेशनवर बूम, म्हणजे लांब काठीला लावलेला माइक, धरायचो, आता एडिट आणि डिझाइन. पहिल्यांदा आईंच्या प्रश्नाचं उत्तर देतो कारण माझ्या आज्जीनं पण मला तेच विचारलं होतं. आपल्याकडं डॉल्बी म्हणजे ट्रॅक्टरवर रचलेली स्पीकरची भिंत. खरी गंमत अशी की डॉल्बी कंपनी १९६५ ला सुरू झाली ती टेपमधली खरखर कमी करायचं तंत्र घेऊन. म्हणजे नको तो आवाज घालवायला. आणि तिचंच नाव आपण मिरवणुकीत खिडक्यांच्या काचा हलवणाऱ्या वस्तूला दिलंय, ह्याच्याइतका कोल्हापुरी न्याय दुसरा नाही.

आता काम. एक सीन धरा. रात्रीची वेळ, जुना वाडा, एक बाई दार उघडून बाहेर पडते आणि निघून जाते. डायलॉग नाही, गाणं नाही. तुम्ही विचारताय मग आवाज कुठला? दाराची कडी आहे, बिजागरी आहे, तिच्या काकणांचा आहे, साडीचा आहे, पाय फरशीवरनं मातीवर आले की बदलतो तो आहे. लांब कुत्रं, रातकिडे, आतल्या खोलीत कुणीतरी खोकतंय, परड्यात म्हैस कान झटकतेय. ह्यातला शूटिंगच्या वेळी कितीसा मिळतो? बऱ्याचदा काहीच वापरण्यासारखं नसतं, कारण शूटिंग चालू असताना मागं जनरेटर घरघरतोय, वरनं पंखा, आणि कोणीतरी वडापावचा कागद चुरगाळतोय. मग हे सगळं एकेक करून परत बसवायचं. आणि बसवताना ठरवायचं की कुठला ऐकू यावा आणि कुठला नको. ती बाई घर सोडून चाललीय हे तिला कुणाला कळू द्यायचं नाही, मग कडीचा आवाज मोठा पाहिजे, कारण तिला तो मोठा वाटतोय. आतलं खोकणं त्याच क्षणी थांबलं तर बघणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. एक शब्द न बोलता. डिझाइन म्हणजे हे, मशीन चालवणं नंतरची गोष्ट.

माणसं वेगवेगळी असतात. लोकेशनवर रेकॉर्ड करणारा वेगळा, डायलॉग साफ करणारा वेगळा, पावलं-भांडी-कपडे करणारे फोलीवाले वेगळे, ह्या सगळ्यांना एका विचारात बांधणारा तो साउंड डिझायनर, आणि शेवटी थिएटरएवढ्या खोलीत बसून सगळ्यांची पातळी ठरवणारा मिक्सर. मराठी सिनेमात बजेट कमी असलं की ह्यातली तीन कामं एकच माणूस करतो आणि चौथ्याचा चहा पण तोच सांगतो.

एक प्रश्न तुम्हालाच. लेथचं बेअरिंग जायला लागलं की तुम्हाला कसं कळतं?

नववी_गल्ली:
आवाजावरनं. आधी किंचित शीळ घातल्यागत येतो, मग घसघस सुरू होती. ऑपरेटरला कळायच्या आधी मला केबिनमध्ये बसून कळतंय. टूल बोथट झालं तरी कळतंय, बीड कापताना कर्र येतो आणि एमएस कापताना चिर्र. चार मशीन चालू असली तरी कुठलं बिनसलंय ते सांगतो. पण त्याचा हितं काय संबंध?

बूमवाला:
दादा हाच संबंध आहे. चार मशीनच्या गोंगाटातनं एकाची शीळ वेगळी काढायची, हेच आम्ही दिवसभर करतो. पोरगी लहानपणी वर्कशॉपात येऊन बसायची का?

नववी_गल्ली:
सातवी-आठवीपर्यंत रोज, शाळा सुटल्यावर. तिथंच अभ्यास करायची. आम्हाला वाटायचं हिचं लक्ष कसं लागतंय.

चपलांची_पेटी:
मी फोली करते, मूळची जयसिंगपूरची. फोली म्हणजे पडद्यावर बघत बघत हातापायानं आवाज काढायचे. जॅक फोली नावाचा हॉलिवूडमधला माणूस होता, बोलपट नवे आले तेव्हा १९२९ च्या सुमाराला त्यानं ही पद्धत बसवली म्हणून हे नाव. माझ्याकडं खरोखर एक मोठी पेटी आहे, तीस-पस्तीस जोड चपला-बूट. लोक येऊन हसतात.

कोल्हापुरी चपलेची एक गोष्ट सांगते म्हणजे ह्या कामात कुठं कुठं डोकं लागतं ते कळेल. एका गावाकडच्या सिनेमात शेतमजूर माणूस पाटलाच्या वाड्यावर पैसे मागायला जातो. पायात कोल्हापुरी. मी माझी सगळ्यात भारी कर्र-कर्र वाजणारी जोडी घातली, एकदम कडक आवाज, डायरेक्टर खूश, मी पण खूश. घरी आईला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, अगं करकरती चप्पल मुद्दाम बांधून घेतात, ते शौकीन माणसाचं काम, चार माणसांनी वळून बघावं म्हणून. पैसे मागायला चाललेल्याच्या पायात ती कशी येईल? त्याची चप्पल पाण्यानं भिजून वाळून मऊ झालेली असणार, टाचेला घासून झिजलेली. बरोबर होतं तिचं. दुसऱ्या दिवशी सगळं पुन्हा केलं, जुनी तळ गेलेली चप्पल घेऊन, फटक-फटक असा थोडा ओढत. आणि करकरती जोडी पाटलाला दिली. सीन दोन मिनिटांचा. पाटील पडद्यावर दिसायच्या आधी नुसता कर्र-कर्र येतो आणि उंबऱ्यात उभा असलेला माणूस डोक्याचं मुंडासं सावरतो. डायरेक्टर म्हणाला हे आधी का नाही केलं. म्हटलं आधी आईला विचारलं नव्हतं.

कट्ट्यावरचा:
नाद खुळा. हे मी कधी नोटीसच केलं नाय

चपलांची_पेटी:
नोटीस झालं असतं तर मी नापास. हीच ह्या धंद्यातली बोंब आहे, चांगलं केलं तर कुणाला कळत नाही आणि चुकलं की शेवटच्या रांगेतला पण सांगतो.

प्रभातफेरी:
धागा आपल्याच गावाचा आहे म्हणून थोडं पाल्हाळ लावतो, माफी असावी. हे काम कोल्हापूरला परकं नाही. प्रभात फिल्म कंपनी निघाली १९२९ ला, आपल्या कोल्हापुरातच. देशातला पहिला बोलपट 'आलम आरा' आला मार्च १९३१ ला आणि वर्षभराच्या आत, १९३२ च्या फेब्रुवारीत, प्रभातनं 'अयोध्येचा राजा' आणला. पहिला मराठी बोलपट, कोल्हापुरात केलेला. तेव्हा प्लेबॅक नव्हतं. गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करता गातायत आणि वाजवणारे फ्रेमच्या बाहेर, एका झटक्यात सगळं रेकॉर्ड. आज ज्याला सिंक साउंड म्हणून लोक कौतुकानं सांगतात ते तेव्हा नाइलाजानं रोजचं होतं. आणि प्रभातचं ध्वनिमुद्रण कोण बघायचं? विष्णुपंत दामले. बाबूराव पेंटरांच्या हाताखाली इथंच तयार झालेला माणूस. पुढं फत्तेलालांबरोबर 'संत तुकाराम' केला तेच दामले. आपण दिग्दर्शक म्हणून नाव घेतो, पण मशीनवर कान लावून बसणारा माणूस होता तो.

१९३३ ला प्रभात पुण्याला गेली. कंपनी बंद पडल्यावर त्याच जागेत १९६० ला फिल्म इन्स्टिट्यूट, म्हणजेच एफटीआयआय, सुरू झाली. म्हणजे दादा तुमची पोरगी उद्या एफटीआयआयला गेली तर कोल्हापूरच्याच कंपनीच्या आवारात जाणार, सासरी गेल्यासारखं वाटायचं कारण नाही.

आणखी एक, हे लोक नेहमी घोळ घालतात म्हणून. रसूल पुकुट्टींना २००९ ला ऑस्कर मिळालं ते 'स्लमडॉग मिलियनेअर'साठी, साउंड मिक्सिंगचं, दोन ब्रिटिश सहकाऱ्यांबरोबर विभागून. ते पण ह्याच इन्स्टिट्यूटचे. 'साउंड डिझाइन' हा शब्द सिनेमात रुळला तो वॉल्टर मर्चमुळं, 'अपोकॅलिप्स नाऊ'च्या वेळेपासनं, १९७९. त्याच्या दोन वर्षं आधी 'स्टार वॉर्स'मध्ये बेन बर्टनं ती प्रकाशाची तलवार केली, प्रोजेक्टरच्या मोटरची गुणगुण आणि टीव्हीच्या पिक्चर ट्यूबची घरघर एकत्र करून. म्हणजे तुमच्या वर्कशॉपात असला माल पोत्यानं पडलाय.

नववी_गल्ली:
दामल्यांचं माहीत नव्हतं. आईला सांगितलं, ती म्हणाली तुकाराम पिक्चर तिनं पाच वेळा बघितलाय.

निमशहरी:
सगळे गोड गोड बोलतायत म्हणून मी कडू बोलतो. माझा मावसभाऊ ह्याच लाइनमध्ये गेला होता, सहा वर्षांनी परत आला, आता इचलकरंजीला सूतगिरणीत सुपरवायझर. महिन्याचा पगार नाही, काम मिळालं तर तीन महिने झोप नाही, नाही मिळालं तर चार महिने नुसती झोप. पैसे बुडवणारे वेगळेच. आणि आता एआय येऊन बसलंय. फिजिक्स झालेल्या पोरीला असल्या जुगारात कशाला घालताय?

बूमवाला:
निमशहरी, तुमचं खोटं नाही. माझे स्वतःचे एका निर्मात्याकडं पैसे अडकलेत, नाव घेत नाही, सिनेमा लागला, उतरला, टीव्हीवर पण येऊन गेला, माझा शेवटचा हप्ता अजून 'पुढच्या आठवड्यात' आहे. साउंड शेवटी येतो हे मूळ दुखणं. शूटिंगला पैसे लागले, एडिटिंग लांबलं, रिलीजची तारीख मात्र हलत नाही, मग राहिलेला वेळ आणि राहिलेले पैसे आमच्या वाट्याला. महिन्याचं काम बारा दिवसांत. त्यातनं मी शिकलो की ॲडव्हान्स हातात आल्याशिवाय हार्डडिस्क कॉम्प्युटरला जोडायची नाही आणि फायनल मिक्सची फाइल शेवटचा हप्ता आल्याशिवाय द्यायची नाही. तो एकच सिनेमा मी ओळखीत केला म्हणून नियम मोडला.

पण जुगार म्हणणार नाही. सिनेमा नसला तर वेबसिरीज, जाहिराती, डॉक्युमेंटरी, गेम, डबिंग असतं. दुसऱ्या भाषेत डब करायला डायलॉग काढून बाकीचे आवाज आणि संगीत वेगळं पूर्ण भरून द्यावं लागतं, त्याचंच एक मोठं काम झालंय. पहिली दोन-तीन वर्षं घरून पैसे मागवायची तयारी ठेवा, हे मात्र खरं. मी मागवत होतो, वडील मनीऑर्डरसारखा फोन करून सांगायचे, पाठवलेत बघ.

एआयचं म्हणाल तर खरखर काढणं, पंख्याचा आवाज कमी करणं, हे सॉफ्टवेअर आता झकास करतं, ज्याला मला रात्र लागायची ते पाच मिनिटांत. जे लोक फक्त तेवढंच करत होते त्यांचं अवघड आहे, खोटं कशाला बोलू. पण वर ताईंनी सांगितलं ते बघा, करकरती चप्पल मजुराच्या पायात चालणार नाही हे त्याला कोण सांगणार. त्याला करकरती चप्पल माग, तो छान करकरती चप्पल देईल.

तयार आवाजाच्या लायब्ऱ्यांचं पण हेच झालंय. बाहेर तयार झालेल्या, तिथले पक्षी, तिथलाच पाऊस. गरुड म्हणून जी किंचाळी जगभरच्या सिनेमात येते ती बहुतेक वेळा अमेरिकेतल्या लाल शेपटीच्या ससाण्याची असते, गरुडाचा खरा आवाज तसा भारदस्त नाहीच. एकदा राधानगरीच्या सीनला कुणीतरी असाच परदेशी पक्षी टाकला होता, मी काढला तर डायरेक्टर म्हणतो राहू दे ना, छान वाटतंय. मी म्हटलं, राधानगरीतला एक जरी माणूस बघायला आला तर तो मला शिव्या घालंल. तेव्हापासनं दर पावसाळ्यात गावाकडं येतो आणि आठ दिवस नुसता पाऊस रेकॉर्ड करतो. पत्र्यावरचा, कौलावरचा, उसाच्या पाल्यावरचा, प्लास्टिकच्या इरल्यावरचा. माझ्या फोल्डरांची नावं मराठीत आहेत, रिपरिप, भुरभुर, टपटप, सडसड, धो धो. मुंबईतला असिस्टंट पोरगा विचारतो सर 'लाइट रेन मीडियम' कुठाय. त्याला म्हणतो बाबा, तुझ्या एका शब्दात माझे चार पाऊस आहेत.

रीळ_नं_४:
३१ वर्षं प्रोजेक्टर चालवला, आता घरी. तुमच्या आवाजाचा शेवटचा मालक आम्ही हे लक्षात ठेवा. रिळावर आवाज चित्राच्या शेजारी कडेच्या पट्टीत असायचा, पण ज्याचा त्याच्या समोर नाही, वीसेक फ्रेम पुढं, कारण आवाज वाचणारा दिवा गेटच्या खाली लांब. मधला लूप, म्हणजे फिल्मचा ढिला वेढा, चुकीचा घेतला की ओठ आधी हलायचे आणि शब्द मागनं यायचा, पब्लिक शिट्ट्या मारायचं. नव्या पोरांना पहिली शिवी त्याच्यावरच पडायची. आता डिजिटलमध्ये ती भानगड नाही, पण आवाजाचं बटण अजून माणसाच्याच हातात. मिक्स करताना तुम्ही थिएटरातल्या साउंड प्रोसेसरच्या आवाजाचा आकडा ७ धरून करता ना? आमच्या एका थिएटरात मॅनेजरनं ५ च्या वर जायचं नाही म्हणून चिकटपट्टी लावली होती. म्हणे बाल्कनीतली मंडळी कान झाकतात. तुमची ती कडी-बिजागरी सगळी त्या चिकटपट्टीत गेली.

बूमवाला:
काका, ती चिकटपट्टी मी स्वतः बघितलीय, तुमच्याच थिएटरात का माहीत नाही. म्हणून आता फायनलनंतर कमी आकड्यावर एकदा आणि मोबाइलच्या स्पीकरवर एकदा ऐकून बघतो. ओटीटीचं वेगळं, तिथं मोजमाप लिहून देतात, नेटफ्लिक्सला डायलॉगची सरासरी उणे २७ एलकेएफएसच्या (आवाजाची पातळी मोजायचं माप) आसपास लागते, दोन इकडं-तिकडं, नाहीतर फाइल परत येते.

नववी_गल्ली:
सगळं वाचालोय. पोरीला पण दाखवलं. ती म्हणाली लोकेशनवरचं विचारा, ते जास्त अवघड की स्टुडिओतलं?

बूमवाला:
लोकेशन अंगाला अवघड, स्टुडिओ डोक्याला. लोकेशनवर डोक्यावर बूम धरून सहा-सात मिनिटांचा टेक उभं राहायचं, हात थरथरला तरी माइकमध्ये येतो. 'लगान' २००१ ला आला आणि सिंक साउंडचं वारं परत सुरू झालं, त्याच्या आधी बरीच वर्षं सगळे नंतर डब करायचे, त्यामुळं सेटवर शांत बसायची सवयच गेली होती. अजून पण पूर्ण आलेली नाही. "रोल साउंड" म्हटलं की कुठंतरी मोबाइल वाजतोच, आणि वाजला की सगळे माझ्याकडं बघतात, जसा काय माझाच वाजला.

एक प्रताप सांगतो स्वतःचा. पन्हाळ्याच्या वाटेवर एका घरात शूटिंग, शनिवारचा दिवस. स्वयंपाकघरात सीन, फ्रिज घूं करतोय. मी बंद केला. दुपारचे चार टेक, रात्रीचा सीन पण तिथंच, पॅकअपला अकरा वाजले, सामान भरून आम्ही मुक्कामाला. सकाळी मालकाचा फोन. फ्रिज तसाच बंद. आणि रविवारसाठी दोन किलो मटण आणून ठेवलं होतं, पाव्हणे येणार होते. दादा, तुम्ही कोल्हापूरचे, मी पुढचं सांगायला नको. प्रॉडक्शननं मटणाचे पैसे दिले पण त्या घरातल्या आज्जी जाईपर्यंत माझ्याशी बोलल्या नाहीत, आणि मला वाटतं त्यांचंच बरोबर होतं. त्या दिवसापासनं फ्रिज बंद केला की गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवतो. किल्लीशिवाय जाणार कुठं. नंतर कळलं की जगभरचे साउंडवाले हेच करतात, मला मात्र दोन किलो मटण मोजून शिकावं लागलं.

आणि प्रत्येक जागेचा मोकळा आवाज घ्यायचा. सगळ्यांना गप्प उभं करून मिनिटभर नुसती ती खोली रेकॉर्ड करायची. रूम टोन म्हणतात. डायलॉग कापल्यावर मधे जी भोकं पडतात ती त्याच खोलीच्या शांततेनं बुजवायची, दुसऱ्या खोलीची चालत नाही, लगेच ठिगळ दिसतं. नवीन माणसाला वाटतं शांतता म्हणजे शांतता. रिकाम्या वाड्याची वेगळी, फ्लॅटची वेगळी, शिवारातली तर दर तासाला वेगळी.

फिजिक्सवाली आहे म्हणून तिला एक सांगा. खासबागेत वरच्या पायरीवर बसून कुस्ती बघायची. पैलवानानं शड्डू ठोकला की हात मांडीवर आधी दिसतो, आवाज मागनं येतो. आवाज सेकंदाला ३४३ मीटरच्या आसपास जातो, सिनेमाच्या सेकंदात २४ फ्रेम, म्हणजे साधारण १४ मीटरला एक फ्रेम उशीर. आखाड्यापासनं चाळीसेक मीटरवर बसली तर जवळजवळ तीन फ्रेम. आता सिनेमात ती कुस्ती लांबनं दाखवली तर आवाज खऱ्यासारखा उशिरा ठेवायचा का चित्राला चिकटवायचा? खरं ठेवलं तर लोक म्हणतात सिंक गेलाय. चिकटवला तर मैदान लहान वाटतं. मी उशीर ठेवत नाही, शड्डू चिकटवतो, पण त्याची धार काढतो आणि मागनं मैदानाचा घुमारा येऊ देतो, वर हलगी थोडी लांब सरकवतो. तिनं बसून स्वतः काय करेल ते ठरवावं. बरोबर उत्तर नाही त्याला.

निमशहरी:
हे वाचायला बरं वाटलं, पण मी माझ्या मतावर ठाम. डिग्री मात्र पूर्ण करू दे तिला.

चपलांची_पेटी:
डिग्री तर लागतेच. एफटीआयआयचा साउंड रेकॉर्डिंग आणि साउंड डिझाइनचा कोर्स तीन वर्षांचा, पदवीनंतरचा, प्रवेश परीक्षा असते आणि बारावीला फिजिक्स असावं लागतं, ते तिच्याकडं आहेच. कोलकात्याला सत्यजित राय इन्स्टिट्यूटमध्ये पण साउंडचा आहे. चालू वर्षाच्या अटी त्यांच्या जाहिरातीत बघा, जागा अगदी मोजक्या असतात. नाही लागला नंबर तर मी कुठं गेले होते इन्स्टिट्यूटला, एका स्टुडिओत केबल गुंडाळण्यापासनं सुरू केलं. महागड्या खासगी कोर्सला मात्र तिथनं बाहेर पडलेली चार पोरं भेटल्याशिवाय पैसे भरू नका.

ताईंच्या काळजीबद्दल, म्हणजे मंडळींच्या. रात्रीचं काम असतं, खोटं सांगत नाही. मी सुरुवातीला एक नियम केला, रात्रीची शिफ्ट असेल तर घरी सोडायची गाडी आधी ठरणार, मग मी येणार. एका ठिकाणी म्हणाले असले नखरे करणारीला काम मिळत नाही. तिथं परत गेले नाही, आणि काम मिळतंय. ह्या लाइनीत बायका कमी आहेत, बूमवर तर फारच कमी, लोक पहिल्या दिवशी विचारतात वजन झेपेल का. बूमचं वजन म्हणजे पाण्यानं भरलेल्या कळशीपेक्षा कमीच.

बूमवाला:
आणि दादा, कान. हे सगळ्यात महत्त्वाचं आणि कोण सांगत नाही. ८५ डेसिबलला आठ तास ही सुरक्षित मर्यादा धरतात, आणि दर ३ डेसिबल वाढले की वेळ अर्धा. हिशेब करा, १०० डेसिबलला पंधरा मिनिटं. मिरवणुकीत भिंतीसमोर नाचणाऱ्या पोरांचं काय होत असेल. गेलेला कान परत येत नाही. मी गणपतीत गावी येतो, पण खिशात इअरप्लग असतात, मित्र म्हणतात मुंबईला जाऊन नाजूक झाला. तुमच्या वर्कशॉपात पण ग्राइंडर चालू असताना तिनं प्लग घालावेत, आणि तुम्ही पण.

आता काहीही विकत घ्यायच्या आधी एक साधा झूम कंपनीचा छोटा रेकॉर्डर, सेकंडहँड चालेल, आणि बरे हेडफोन. रीपर नावाचं आवाज एडिट करायचं सॉफ्टवेअर साठ दिवस वापरून बघता येतं. महिनाभर फक्त रेकॉर्ड करू दे, सिनेमा-बिनेमा नाही. गुऱ्हाळ सुरू आहेत ना अजून? तिथं जा. रस काहिलीत नवा असतो तेव्हा खळखळतो, आटत आला की रटरटतो, आणि उतरवायच्या आधी नुसता बदबद, एकेक बुडबुडा मोजता येतो. गुळव्या डोळ्यानं बघतो, पण माझी पैज, डोळे झाकून पण सांगेल. ते तिन्ही आवाज वेगळे घेऊन आणा म्हणावं. घाणा बंद असताना, नाहीतर मोटरशिवाय काय मिळणार नाही. आणि इथं लिंक टाका.

नववी_गल्ली:
मेव्हण्याचं गुऱ्हाळ हाय केर्लीच्या पुढं. रविवारी जाऊन येतो.

नववी_गल्ली:
जाऊन आलो. मित्राचा रेकॉर्डर मागून घेतला. मेव्हण्यानं घाणा अर्धा तास बंद ठेवला, गडी म्हणाले पाव्हणं काय खुळं झालंय का. पोरगी काहिलीजवळ काठीला रेकॉर्डर बांधून उभी, वाफेनं सगळी भिजली, मी लांब चिपाडाच्या ढिगावर. तासभर कुणाशी बोलली नाही. परत येताना तिनं गाडीत हेडफोन माझ्या कानाला लावला. रोज खातो तो गूळ, पण हा आवाज मी पन्नास वर्षांत ऐकला नव्हता म्हणा, किंवा ऐकून सोडून दिला होता. चुलवाणात चिपाड टाकल्यावर जो भस्सकन येतो तो पण हाय त्यात. तीन फाइली टाकल्यात, बघा.

बूमवाला:
ऐकलं. पहिली फाइल जरा फुटलीय, लेव्हल कमी ठेवायची, वाफेचा फुस्कारा अचानक येतो. दुसरी बरी. तिसरी, ती बदबदवाली, तिच्यात शेवटचे चाळीस सेकंद मी उद्या कुठल्याही सिनेमात वापरेन इतकी चांगली आहे, जवळ गेली पण घाबरून मागं नाही आली. फक्त बाविसाव्या सेकंदाला कोणीतरी खोकलंय. आणि त्यानंतर चिपाडावर कोण तरी हललंय, ते पण येतंय.

नववी_गल्ली:
तो मीच. तिनं पण सांगितलं. गुरुवारी परत जाणार हाय, तिसरीच फाइल पुन्हा घ्यायची म्हणाली. मला गाडीत काचा वर करून बसायला सांगितलंय.

कट्ट्यावरचा:
काका किल्ली फ्रिजमध्ये ठेवून जा म्हणजे गाडी पण सुरू होणार नाय